लोकपरंपरा आणि बदलता समाज यांची डॉक्युमेंटरी फोटोग्राफी: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

यात्रा, वारी, तमाशाचे फड, धनगरांचे वाडे, ऊसतोड कामगारांचे तळ, कोळीवाडे अशा ठिकाणी फोटो काढणारी आणि काढू पाहणारी मंडळी जे प्रश्न सतत पाठवतात, ते इथे एकत्र केले आहेत. क्रम सोप्याकडून अवघडाकडे आहे. एखादी गोष्ट दुसऱ्या उत्तरात आली असेल तर ती पुन्हा न लिहिता तिथला क्रमांक दिला आहे.

१. डॉक्युमेंटरी फोटोग्राफी म्हणजे नेमकं काय? यात्रेत हिंडून काढलेले फोटो त्यात धरायचे का?

एक यात्रा, एक दिवस आणि त्यातले चाळीस-पन्नास चांगले फोटो, हा त्या यात्रेचा आल्बम झाला. त्यातही आनंद आहे. डॉक्युमेंटरी काम सुरू होतं ते एखाद्या प्रश्नाच्या मागे लागल्यावर. सोमवती अमावस्येला जेजुरीत भंडारा उधळतात हे सगळ्यांना ठाऊक आहे. पण जागरण घालणारं वाघ्या-मुरळीचं कुटुंब यात्रा नसते तेव्हा कसं जगतं, त्यांची मुलं काय शिकतात, जागरणाची सुपारी आता कोण देतं, डीजे आल्यावर दिमडी आणि तुणतुण्याचं काय झालं, हे शोधायला निघालात की फोटोंबरोबर नोंदी, मुलाखती आणि तारखाही लागतात. त्याच माणसांकडे पुन्हा पुन्हा जावं लागतं. हे पुन्हा जाणं कामातून वगळलं तर हाती फक्त रंग उरतो.

२. कॅमेरा कुठला घ्यावा? मोबाइलवर होईल का?

होईल. बऱ्याच ठिकाणी मोबाइलच बरा, कारण समोरच्याच्या हातातही तोच असतो. कॅमेरा घेणार असाल तर २८ किंवा ३५ मिमीची एक लेन्स पुरे. तिच्यामुळे माणसाच्या जवळ जावं लागतं आणि जवळ गेलं की बोलावं लागतं. लांबून टेलिलेन्सने टिपलेले चेहरे देखणे येतात, पण त्या माणसाशी तुमची ओळख झालेली नसते आणि ते फोटोत दिसतं. लेन्सवर खर्च करण्याऐवजी ते पैसे एसटीच्या तिकिटांवर आणि प्रिंट काढण्यावर घाला.

३. सुरुवात कुठून करू? वारी, जेजुरी, ज्योतिबा हे सगळं तर लोकांनी काढून झालंय.

घराजवळून करा. लांबच्या नावाजलेल्या उत्सवात तुमच्या हाताशी दोन दिवस असतात, लोक गडबडीत असतात आणि शेजारी कॅमेऱ्यांची रांग असते. आजोळच्या जत्रेत वर्गणी काढण्यापासून मांडव उतरवण्यापर्यंत हजर राहता येतं. बदल दिसतात ते तिथे.

पुणे जिल्ह्यातल्या बैलगाडा शर्यतींचंच घ्या. २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाने त्या बंद झाल्या, डिसेंबर २०२१ मध्ये अटींवर परवानगी मिळाली आणि मे २०२३ मध्ये घटनापीठाने राज्याचा कायदा वैध ठरवला. शर्यत बंद होती त्या काळात घाट (शर्यतीच्या धावपट्ट्या) ओस पडले, तरी काही घरांनी बैल विकले नाहीत. खर्च सोसून जनावर दावणीला ठेवणारा शेतकरी, न्यायालयात दाद मागणाऱ्या संघटना, प्राण्यांच्या छळाविरुद्ध उभे राहिलेले कार्यकर्ते आणि परत भरलेला घाट या सगळ्यांना धरून एक मोठी गोष्ट होते. धुरळ्यात उधळलेल्या जोडीचा फोटो हे तिच्यातलं एक पान.

४. वारीत नवीन काय काढणार?

पालखी तळावर पोहोचल्यावर बहुतेक फोटोग्राफर हॉटेलात जातात. मला वाटतं खरी वारी तेव्हा सुरू होते. दिंडीचा ट्रक सकाळीच पुढे गेलेला असतो, राहुट्या ठोकलेल्या असतात, पिठलं-भाकरीच्या पंगती बसतात, एखाद्या आजी पायाचे फोड बघत असतात आणि एका विजेच्या बोर्डाभोवती तीस मोबाइल चार्जिंगला लावलेले असतात. शौचालयांच्या रांगा, टँकर, औषधांचे तंबू, पहाटे चारला अंधारात आंघोळ उरकणाऱ्या बायका (त्यांचे फोटो काढायचे नाहीत, पण ही अडचण लिहून ठेवायची) हे सगळं वारीचंच आहे.

बदलही भरपूर आहे. पालखी मार्गांचं चौपदरीकरण झाल्याने वारकरी चालतात तो रस्ता वेगळा झाला, काही ठिकाणी सावली गेली. २०२० मध्ये करोनामुळे पायी सोहळा झालाच नाही आणि पादुका एसटीने पंढरपूरला नेल्या. त्या वर्षी रिकाम्या राहिलेल्या तळांचे, घरात बसून वीणा धरलेल्या माळकऱ्यांचे फोटो ज्यांच्याकडे आहेत त्यांच्याकडे फार मोलाचा ऐवज आहे.

रिंगणाबद्दल विनंती आहे. अश्व धावून गेला की लोक त्याच्या टापांखालची माती कपाळाला लावतात. त्या क्षणी कॅमेरा घेऊन आत घुसणारे त्यांच्या पायांत येतात. चोपदार सांगतील तिथे थांबा. समाज आरतीच्या वेळी चोपदाराने चोप (हातातला दंड) उंच केला की सगळं शांत होतं. तेव्हा शटरचा आवाजही खटकतो.

५. परवानगी कशी मागायची? आधी विचारलं तर सहजपणा जातो.

थोडा वेळ जातो खरा, पण परत येतो. पहिल्या दिवशी कॅमेरा पिशवीत राहू द्या. फडमालक, ऊसतोड टोळीचा मुकादम, दिंडीप्रमुख, गावचे पुजारी अशा माणसाला भेटून आपण कोण, कशासाठी आलो, फोटो कुठे जाणार हे सांगा. पण त्यांची परवानगी म्हणजे सगळ्यांची परवानगी असं धरू नका. मुकादमाने होकार दिला म्हणून टोळीतल्या बाईचा होकार झाला असं होत नाही, कारण तिला मुकादमापुढे नाही म्हणता येत नाही. तिला वेगळं गाठून विचारा.

इंग्रजी छापील फॉर्मवर अंगठा घेणं मला पटत नाही. मराठीत, आणि वैदू किंवा बंजारा वस्तीत त्यांच्या बोलीत समजावून सांगा आणि त्यांचा होकार मोबाइलवर आवाजात नोंदवून घ्या. फोटो प्रदर्शनात लागेल, पुस्तकात येईल, इंटरनेटवर टाकला तर कुणालाही दिसेल हे तिन्ही वेगवेगळं सांगा. कित्येक जण पहिल्या दोन्हींना हो म्हणतात आणि तिसऱ्याला नाही. नंतर कुणी होकार मागे घेतला तर काय करायचं, हे प्रश्न २० मध्ये आहे.

६. फोटोचे पैसे द्यावेत का?

वासुदेव दारात आला, गायला, तर गावातलं कुणीही जे दान देतं ते तुम्हीही द्या. नंदीबैलवाला, बहुरूपी, गोंधळी यांचंही तसंच. ती त्यांच्या कामाची बिदागी आहे आणि ती न देता नुसते फोटो काढून निघून जाणं चुकीचं आहे. ‘असं उभं राहा, शंभर रुपये देतो’ हा व्यवहार मात्र निराळा. त्याने पुढच्या माणसासाठी दर ठरतो आणि लोक तुम्हाला हवं ते करून दाखवायला लागतात. कुणाचा दिवसभराचा रोज बुडवून मुलाखत घेत असाल तर रोजाची भरपाई करा आणि कामाच्या माहितीत तसं लिहा. फोटोतून पुढे पैसे मिळाले तर त्यातला वाटा देण्याबद्दल आधीच बोलून ठेवा.

७. वासुदेवाच्या हातात मोबाइल आहे, मागे फ्लेक्स लागलाय, धनगराने जीन्स घातलीय. हे फ्रेममधून काढू का?

काढू नका. या पानावरची एकच गोष्ट लक्षात ठेवणार असाल तर ही ठेवा.

अमेरिकेत एडवर्ड कर्टिस याने १९०७ ते १९३० या काळात तिथल्या मूळ रहिवाशांवर वीस खंड काढले. १९१० च्या सुमारास पिगन जमातीच्या एका तंबूत त्याने दोन माणसांचा फोटो काढला. त्या दोघांच्या मधोमध गजराचं घड्याळ होतं. छापील चित्रात ते पुसून टाकलेलं आहे. ‘लोप पावणारी जमात’ दाखवायची तर तिच्याकडे घड्याळ असून कसं चालेल? आज त्या फोटोबद्दल सगळ्यात जास्त बोललं जातं ते त्या पुसलेल्या घड्याळाबद्दल, कारण ती माणसं त्यांच्या काळात जगत होती याचा तो पुरावा होता.

आपल्याकडेही हे झालेलं आहे. विल्यम जॉन्सनने १८६० च्या दशकात मुंबईतल्या जातीजमातींच्या फोटोंचे दोन खंड काढले. त्यात माणसांचे फोटो वेगळे काढून वेगळ्या ठिकाणच्या देखाव्यांवर जोडलेले आहेत. म्हणजे माणूस खरा, जागाही खरी, पण तो माणूस त्या जागी उभा नव्हता. संगणकावर पार्श्वभूमी बदलणारे आज तेच करतात.

कोकणात उतरणाऱ्या धनगराच्या घोड्यावर घोंगड्या, भांडी, कोंबड्या आणि नुकतं जन्मलेलं कोकरू असतं, आणि त्या सगळ्याच्या वर मोबाइल चार्ज करायला सौरऊर्जेची छोटी पाटी बांधलेली असते. ही पाटी काढून टाकली तर फोटो जुना वाटेल. ठेवली तर कळेल की हा माणूस पुढच्या गावात शेतात खतासाठी मेंढ्या बसवायचा ठराव फोनवर करतो, पावसाचा अंदाज बघतो आणि शाळेसाठी गावी ठेवलेल्या मुलीशी रात्री बोलतो. मला ही दुसरी गोष्ट जास्त मोठी वाटते.

८. विधी होऊन गेला होता. पुन्हा करून दाखवायला सांगितलं तर चालेल का?

धार्मिक विधी असेल तर सांगू नका. कारागिरी असेल, म्हणजे घोंगडीचा माग कसा चालतो, ढोलकीला शाई कशी भरतात, तर दाखवायला सांगायला हरकत नाही, पण फोटोखालच्या ओळीत ‘करून दाखवताना’ असं लिहा. वाचकाला फसवायचं नाही एवढाच नियम आहे.

९. परंपरा लुप्त होण्याआधी टिपून ठेवायला हवी ना?

हा प्रश्न फार कळकळीने येतो आणि त्यातली कळकळ मला समजते. पण एक गोष्ट नीट बघायला हवी: काही परंपरा लुप्त झाल्या, आणि काही लोकांनी विचार करून सोडल्या.

मरीआईचा गाडा डोक्यावर घेऊन कोरड्याने स्वतःला फटके मारणारा पोतराज फोटोत जबरदस्त दिसतो. केस मोकळे, कमरेला रंगीत खणांचा घागरा, पायात घुंगरू. पण महारवतन, मेलेली ढोरं ओढणं, येसकरकी (वेशीच्या राखणीचं काम) आणि देवाला पोर सोडणं याविरुद्ध डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या चळवळीने घराघरांत जे सांगितलं, त्यातून कित्येकांनी पोतराजाचे केस कापले. १४ ऑक्टोबर १९५६ ला नागपुरात धम्मदीक्षा झाल्यावर गावोगावी देव्हाऱ्यातले देव पाण्यात सोडले गेले. या लोकांना ‘तुमची कला गेली’ असं म्हणणं अपमानाचं आहे. ज्याने केस कापले त्याचा मुलगा शिक्षक झाला असेल तर तोही या विषयातला फोटो आहे. त्याच्या घरातली बुद्धमूर्ती, भिंतीवरचं बाबासाहेबांचं चित्र, नातवाचं प्रशस्तिपत्रक, हे सगळं त्या बदलाचं दस्तऐवजीकरण आहे.

उलट उदाहरणंही आहेत. वारली चित्रं पूर्वी लग्नाच्या वेळी सवाशिणी घराच्या कुडावर तांदळाच्या पिठाने काढत. १९७० च्या दशकात ती कागदावर आली, जिव्या सोमा मशे यांच्यामुळे जगभर गेली (त्यांना २०११ मध्ये पद्मश्री मिळाली, २०१८ मध्ये ते गेले) आणि पुरुषही मोठ्या संख्येने काढायला लागले. इथे परंपरा टिकली, पण ती कुणाच्या हातात आहे, कशावर आहे आणि कुणासाठी आहे हे तिन्ही बदललं.

तेव्हा गावात गेल्यावर ‘हे कधी बंद झालं?’ एवढंच विचारू नका. ‘कुणी बंद केलं, आणि का?’ हेही विचारा.

१०. गिरणगाव, चाळी, शहरातले सफाई कामगार, हे ‘पारंपरिक संस्कृती’त येतं का?

नक्कीच येतं. लालबाग-परळमध्ये कोकणातून, घाटावरून आलेल्या माणसांनी भजनी मंडळं, शाहिरी, नमन, खानावळी उभ्या केल्या. १८ जानेवारी १९८२ ला दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली गिरणी कामगारांचा संप सुरू झाला, सुमारे अडीच लाख कामगार बाहेर पडले आणि पुढे गिरण्यांच्या जागी टॉवर आले. त्या चाळींतलं भजनी मंडळ आज अकराव्या मजल्यावरच्या पुनर्वसनाच्या खोलीत कसं भरतं, हा पूर्ण वाढीचा विषय आहे. सुधारक ओलवे यांनी मुंबई महापालिकेच्या सफाई कामगारांचं काम दीर्घकाळ टिपलं (२०१६ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली). ते फोटो बघताना जात आणि काम यांची गाठ शहरातही किती घट्ट आहे हे दिसतं.

११. ओळी (कॅप्शन) कशा लिहायच्या?

नाव, गाव, तारीख, काय चाललंय, आणि त्या माणसाने स्वतःबद्दल सांगितलेली एक गोष्ट. ‘एक आदिवासी स्त्री’, ‘सुरकुत्यांमधलं आयुष्य’ असल्या ओळी नकोत.

नाव का लिहायचं याचं उदाहरण जगात प्रसिद्ध आहे. १९३६ मध्ये डोरोथिया लँग हिने कॅलिफोर्नियात मुलांना कुशीत घेऊन बसलेल्या एका स्थलांतरित आईचा फोटो काढला. महामंदीचं ते सर्वांत गाजलेलं चित्र ठरलं. नाव मात्र विचारलं नव्हतं. त्या बाई फ्लॉरेन्स ओवेन्स थॉम्पसन होत्या हे जगाला १९७८ मध्ये कळलं, आणि या फोटोतून आपल्याला काहीच मिळालं नाही हे त्यांनी बोलून दाखवलं.

आपल्याकडचा जुना अनुभवही असाच. १८६८ ते १८७५ या काळात वॉटसन आणि के यांच्या संपादनाखाली भारतातल्या जातीजमातींवर आठ खंड निघाले. त्यात असंख्य माणसं निव्वळ ‘नमुना’ म्हणून उभी आहेत. त्याच काळात, १८७१ मध्ये, काही जमातींना जन्मतःच गुन्हेगार ठरवणारा गुन्हेगार जमाती कायदा आला आणि तो १९५२ पर्यंत राहिला. पारधी वस्तीत कॅमेरा बघून एखादा म्हातारा आत निघून जातो, तेव्हा पोलिसात काढलेल्या फोटोंची आठवण त्याच्या घरात अजून ताजी असते. त्याला भित्रा किंवा रागीट ठरवू नका.

नाव देणं धोक्याचं असेल तेव्हा काय करायचं ते प्रश्न १३ आणि १४ मध्ये आहे.

१२. तमाशाच्या कनातीत, बायकांच्या राहुटीत फोटो काढायला जाऊ का?

बोलावलं तर जा. गुढीपाडव्याच्या सुमारास नारायणगावला फडांच्या राहुट्या लागतात आणि गावोगावचे पंच तिथे येऊन जत्रेची सुपारी ठरवतात. नवख्याने आधी तिथे जावं. हिशेब, घासाघीस, गेल्या वर्षीची बाकी, ट्रकचं डिझेल यातून फडाचं अर्थकारण समजतं. संदेश भंडारे यांनी तमाशावर जे मोठं काम केलं त्यात रंगमंचाइतकीच मागची बाजू आहे आणि म्हणून ते टिकलं.

कनातीत मेकअप चालू असताना बांबूला टांगलेल्या आरशात चेहरा दिसतो, शेजारी पाळण्यात मूल झोपलेलं असतं. हा फोटो सगळ्यांनाच हवा असतो. पण तिथे कपडे बदलत असतात, आणि ती त्यांची घरातली खोली आहे. फडातल्या एखाद्या वडीलधाऱ्या बाईला विचारा, ‘मावशी, केव्हा येऊ?’ त्या सांगतील त्या वेळेलाच या. काढलेले फोटो निघण्याआधी कॅमेऱ्यावर दाखवा आणि नको म्हणतील ते त्यांच्या समोर पुसा.

१३. लहान मुलांचे फोटो?

आईवडिलांना विचारून, आणि मुलालाही विचारून. कायद्याची बाजू अशी: बाल न्याय कायदा, २०१५ च्या कलम ७४ प्रमाणे काळजी आणि संरक्षणाची गरज असलेल्या बालकाची ओळख उघड करायला मनाई आहे, आणि कामगार कायद्याचा भंग करून कामाला लावलेलं किंवा भीक मागणारं मूल त्या व्याख्येत येतं. उसाच्या फडात मोळ्या बांधणारी मुलगी, रस्त्यावर डोंबाऱ्याच्या खेळात दोरीवर चालणारी पोरगी, यांचे ओळखू येणारे फोटो छापण्याआधी हे ध्यानात ठेवा. पोक्सो कायद्याच्या कलम २३ ने लैंगिक अत्याचार झालेल्या मुलांची ओळख जाहीर करायला मनाई केली आहे. पाठमोरा फोटो, हात, पाय, कोयता, दप्तर यांतूनही सांगता येतं. गावाचं नाव, शाळेची पाटी आणि आईचा चेहरा देऊन फक्त मुलाचा चेहरा धूसर केला तर ओळख लपत नाही.

१४. जोगतिणी, देवदासी, अंगात येणं, फटके मारून घेणं हे काढावं का?

काढता येतं, पण सावधपणे. देवदासी प्रथेवर महाराष्ट्रात बंदीचा कायदा आहे आणि २०१३ पासून जादूटोणाविरोधी कायदाही आहे. ज्या स्त्रियांना लहानपणी देवाला सोडलं गेलं त्या गुन्हेगार नाहीत, त्यांच्यावर अन्याय झालेला आहे. त्यांचा चेहरा, नाव आणि गाव एकत्र छापून आलं की मुलीच्या लग्नात, नातवाच्या शाळेत त्याचा त्रास होतो. त्या स्वतः पुढे येऊन नावानिशी बोलत असतील, संघटनेत असतील, तर त्यांचं नाव जरूर द्या. त्या ठरवतील.

अंगात आलेल्या बाईच्या तोंडाजवळ लेन्स नेऊ नका. तिला त्या क्षणी होकार देता येत नाही. नंतर शांत झाल्यावर फोटो दाखवून विचारा.

ऊसतोड कामगार बायकांच्या गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियांचा प्रश्न २०१९ मध्ये गाजला. त्यानंतर कॅमेरे घेऊन कोपीकोपीत (कामगारांच्या झोपड्यांत) शिरणारे बरेच झाले. आजारपण हा दाखवायचा देखावा नाही. उचल किती घेतली, कोयत्यामागे (म्हणजे नवरा-बायकोच्या जोडीमागे) टनाचा भाव काय मिळाला, खाडा पडल्यावर किती कापले, हे लिहिलेली मुकादमाची वही (परवानगीने) त्या विषयावर जास्त बोलते.

१५. जारवांसारख्या जमातींचे फोटो काढता येतात का?

नाही. अंदमान-निकोबारमधल्या जारवा, सेंटिनेलीज यांच्या राखीव क्षेत्रात शिरणं आणि त्यांचे फोटो काढणं कायद्याने गुन्हा आहे. अंदमानला सहलीला गेलेल्या मराठी पर्यटकांकडूनही हा प्रश्न येतो, म्हणून ठळक सांगतो: गाडीच्या काचेतूनही नाही.

१६. भंडारा, गुलाल, पाऊस यांत कॅमेरा कसा सांभाळायचा?

कोल्हापूर जिल्ह्यातल्या पट्टणकोडोलीला विठ्ठल-बिरदेवाच्या यात्रेत हवेत इतका भंडारा असतो की दहा फुटांवरचं दिसत नाही. घरून निघतानाच लेन्स लावून या आणि तिथे बदलू नका. कॅमेऱ्याला प्लास्टिकची पिशवी, लेन्सपुढे साधा फिल्टर आणि जोडांवर चिकटपट्टी लावा. नंतर आधी ब्लोअरने हवा मारा, मग मऊ ब्रशने झाडा आणि शेवटी कापड वापरा. कोरड्या कणांवर कापड घासलं की चरे पडतात. पावसाळ्यात घरी आल्यावर कॅमेरा सिलिका जेलबरोबर बंद डब्यात ठेवा, नाहीतर लेन्समध्ये बुरशी धरते.

१७. ड्रोन उडवला तर?

ड्रोन नियम, २०२१ प्रमाणे २५० ग्रॅमपर्यंतच्या ड्रोनला बरीच सूट आहे, पण आकाशाचे हिरवे, पिवळे, लाल विभाग सगळ्यांना लागू आहेत. वारी आणि मोठ्या यात्रांत पोलीस वेगळी बंदी घालतात, तेव्हा आधी विचारा. माझं मत असं की दिवेघाटाचा वरून काढलेला फोटो आता पुरेसा झाला. वरून माणसं दिसत नाहीत.

१८. रंगीत की कृष्णधवल?

हळदीचा पिवळा, गुलालाचा गुलाबी, फेट्याचा रंग हे जात, देव, प्रदेश सांगतात. ते काढून टाकायला सबळ कारण हवं. फोटो ‘जुना’ वाटावा एवढंच कारण असेल तर प्रश्न ७ पुन्हा वाचा.

१९. फोटोवर हक्क कुणाचा? ज्याने काढला त्याचा, की ज्याचा काढला त्याचा?

कॉपीराइट कायदा, १९५७ प्रमाणे फोटो काढणारा हा त्याचा कर्ता. पैसे देऊन कुणी काढून घेतला असेल तर, वेगळा करार नसल्यास, पहिला हक्क पैसे देणाऱ्याचा. नोकरीत काढला असेल तर सहसा मालकाचा. २०१२ च्या दुरुस्तीनंतर फोटोचा कॉपीराइटही कर्त्याच्या हयातीत आणि मृत्यूनंतर ६० वर्षं टिकतो. एखाद्या संस्थेसाठी काम करताना ‘सर्व हक्क संस्थेकडे’ ही ओळ सहीपूर्वी वाचा आणि फोटोतल्या लोकांना प्रिंट द्यायचा अधिकार तरी स्वतःकडे ठेवा.

ज्याचा फोटो आहे त्याला कॉपीराइट नसतो, पण खासगीपणाचा हक्क असतो. २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो मूलभूत हक्क मानला. सार्वजनिक जत्रेतला फोटो प्रदर्शनात लावणं वेगळं आणि तोच फोटो साबणाच्या जाहिरातीला विकणं वेगळं. दुसऱ्यासाठी स्पष्ट लेखी परवानगी आणि मोबदला हवाच.

२०. आधी हो म्हणाले, आता फोटो काढून टाका म्हणतात. काय करायचं?

इंटरनेटवरून लगेच काढा, मग कारण विचारा. भाऊबंदकीचा वाद असेल, सोयरीक जुळत असेल, जुनं काम सोडलं असेल. छापून झालेलं पुस्तक मागे घेता येत नाही, पण पुढच्या आवृत्तीतून फोटो वगळता येतो आणि तसा शब्द द्यावा. मूळ फाइल पुसावी का, यावर दोन मतं आहेत. मी ती पुसत नाही, ‘प्रसिद्धीसाठी नाही’ अशी खूण करून ठेवतो आणि हे त्यांना सांगतो. त्यांनी पुसाच म्हटलं तर पुसतो.

२१. प्रिंट परत नेऊन द्यायची का? व्हॉट्सॲपवर पाठवला की झालं ना?

व्हॉट्सॲपवरही पाठवा, पण प्रिंट न्या. मोबाइल बदलला की फोटो जातो, प्रिंट पत्र्याच्या पेटीत राहते. आणि ऐका, त्यांना हवा असलेला फोटो तुमच्या आवडीचा नसतो. घोड्याची दोरी धरलेल्या, वाऱ्यात पदर उडालेल्या धनगर बाईचा फोटो तुम्ही न्याल. ती म्हणेल, ‘दादा, ह्यो नगं. धुतलेलं लुगडं नेसते, पोरं आणि म्हातारीसंगं उभा आमचा काढ, पाय दिसू दे.’ तो काढा, मोठा करून द्या. तीस वर्षांनी त्या घरात तोच फोटो असणार आहे.

२२. लोकांच्या घरातले जुने फोटो जमवले तर ते डॉक्युमेंटरीत येतं का?

येतं, आणि फार थोडे लोक ते करतात. तालुक्याच्या स्टुडिओत रंगवलेल्या पडद्यापुढे काढलेला लग्नाचा फोटो, संपाच्या मोर्चातला गटफोटो, पहिल्या ट्रॅक्टरपुढे उभं घर. मूळ फोटो घरी नेऊ नका. तिथेच उजेडात सपाट ठेवून कॉपी करा, मागची बाजूही, कारण शाईत नावं आणि तारखा असतात. आजी हयात असताना तिच्याकडून प्रत्येक चेहऱ्याचं नाव रेकॉर्ड करून घ्या.

२३. फोटो आणि नोंदी जपायच्या कशा?

तीन प्रती, दोन वेगळ्या प्रकारच्या साधनांवर, त्यातली एक दुसऱ्या गावात. नाव-गाव-तारीख फाइलच्या आतच, युनिकोड देवनागरीत लिहा. वेगळ्या वहीतली यादी हरवते. निगेटिव्ह आम्लमुक्त पाकिटात, कोरड्या जागी. आवाजातले होकार (प्रश्न ५) फोटोच्या फोल्डरमध्येच ठेवा.

२४. काम कुठे दाखवू? पैसे कुठून उभे करू?

आधी त्याच गावात दाखवा. मंदिराच्या ओवरीत, शाळेच्या भिंतीवर, ग्रामपंचायतीत. चुकलेली नावं तिथेच दुरुस्त होतात. डिसेंबर २०१४ मध्ये पी. साईनाथ यांनी सुरू केलेल्या ‘पारी’ या ग्रामीण भारताच्या संग्रहात फोटोंसह लेख मराठीतही येतात. हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ यांनी जमवलेल्या लाखाहून जास्त जात्यावरच्या ओव्यांचा प्रकल्पही तिथे आहे. आवाज, चेहरा, गाव आणि शब्द एकत्र कसे ठेवावेत याचा तो उत्तम नमुना आहे. बंगळुरूच्या इंडिया फाउंडेशन फॉर द आर्ट्सकडे अनुदानासाठी भारतीय भाषांतूनही अर्ज करता येतो.

स्पर्धांना पाठवणार असाल तर नियम बारकाईने वाचा. वर्ल्ड प्रेस फोटोसारख्या स्पर्धेत चित्रात काही घालणं किंवा पुसणं चालत नाही. एआयने आकाश बदललेला, वाढवलेला फोटो डॉक्युमेंटरी म्हणून कुठेच देऊ नका.

२५. मी त्याच समाजातला आहे. घरच्यांना वाटतं आपली उणी बाजू दाखवू नये. बाहेरच्यांना वाटतं मी पक्षपाती आहे.

दोघांचंही ऐका आणि काम चालू ठेवा. बाहेरच्याला जे दिसायला दोन वर्षं लागतात ते तुम्हाला आधीच माहीत असतं: पंगतीत कोण कुठे बसतं, पालखीला खांदा कुणाला देत नाहीत, कुठल्या घरचं पाणी चालत नाही. हे फोटो तुम्हीच काढू शकता आणि त्याची किंमतही तुम्हालाच मोजावी लागते, कारण फोटो छापल्यावर तुम्ही त्याच गल्लीत राहणार असता. ज्यांच्यावर अन्याय होतो त्यांना विचारून, त्यांची सुरक्षितता बघून पुढे जा. गाव तापलेलं असेल तर छापायची घाई करू नका. तारीख, जागा, हजर माणसं यांची नोंद पक्की करून ठेवा आणि त्याची एक प्रत विश्वासातल्या माणसाकडे दुसऱ्या गावी ठेवा.